भिंतीआडचा खोकला

खोली देताना म्हातारीनं भाडं किती ते सांगितलंच नाही. अट मात्र आधी सांगितली. "सकाळी माहा चहा होयेपर्यंत ह्या घरात भांडं वाजलं नाई पायजे. मोबाइलवर गानं नाई, बादलीचा आवाज नाई. शिंक आली तं आंगनात जाऊन शिंका. पटत असंन तं बॅग ठेवा. नाई तं तुमची बस अजून फाट्यावर उभी हाय."

मी दिग्रसची. कापसाच्या जिनिंग मिलच्या भोंग्यानं जागी होणारी, ट्रकांच्या हॉर्नमध्ये अभ्यास करून पास झालेली. मला कुणी शिंकायची जागा नेमून द्यावी, हे काही मला झेपण्यासारखं नव्हतं. पण उपकेंद्रातली नर्सची क्वार्टर पडायला आली होती. तिथं पाली आणि विंचू सोडून कुणी हजर नव्हतं. आणि गावात दुसरी रिकामी खोली नव्हती, कारण गाव धरणात जाणार हे आधीच ठरलेलं. बुडीत गावात कोण कशाला खोल्या बांधतं? मी मुकाट्यानं बॅग ठेवली आणि मनात म्हटलं, लवकरच बदली करून घेऊ. ती बदली मी कधी मागितलीच नाही. गाव उठेपर्यंत मी त्याच घरात राहिले.

गाव तिला थोरली म्हणायचं. भिंतीपलीकडे तिची जाऊ राहायची, ती धाकटी. दोघींचे नवरे गेलेले, दोघींची पोरं पोटापाण्यासाठी पुण्याकडे. एकच मोठं मातीचं घर, दोघा भावांचे हिस्से झाले तेव्हा मधोमध भिंत घालून दोन केलेलं. आणि त्या दिवसापासून या दोन बाया एकमेकींशी बोलत नव्हत्या. का बोलत नव्हत्या, ते मी थोरलीला खूपदा विचारलं. दर वेळी नवं कारण मिळायचं. कधी म्हणे लुगडं, कधी म्हणे गाईचं वासरू. त्यातलं एक मात्र खरं असावं, कारण त्याचा पुरावा घरातच होता. हिश्शात पाटा थोरलीकडे आला होता आणि वरवंटा धाकटीकडे गेला होता. असली वाटणी कोणत्या पंचांनी केली कोण जाणे! दोघींपैकी कुणीही मागायला गेलं नाही. थोरलीनं बाजारातून दुसरा वरवंटा आणला, धाकटीनं दुसरा पाटा. दोन्हीकडची जोडी बेमेळ. चटणी दोन्हीकडे जाडीभरडीच व्हायची, आणि दोघी म्हणायच्या, आम्हाला अशीच आवडते.

थोरली उंच, हाडकुळी, नाकाचा शेंडा जरा वाकडा. बारा महिने डोक्याला नवऱ्याचा लोकरीचा मफलर. आमच्याकडचा वैशाख म्हणजे काय ते ज्यांनी सोसलाय त्यांनाच कळेल, त्यातसुद्धा मफलर. पण गंमत अशी की कान दोन्ही उघडे. मी म्हटलं, "मावशी, थंडी कानातून शिरते. मफलर बांधता कशाला मग?" तर म्हणाली, "डोकं झाकासाठी असते मफलर. कान ऐकासाठी असते. तुमाले नर्सिंगमंधी शिकवलं नाई का?"

तिचं एक पालुपद होतं, "आपल्याले काय करा लागते!" हे वाक्य आलं की समजायचं, बाई आता त्याच भानगडीत शिरणार. समोरच्या घरी सासू-सुनेची जुंपली की ओट्यावरून उठत म्हणायची, "भांडू दे माय, आपल्याले काय करा लागते," आणि पदर खोचून तरातरा त्यांच्या चुलीपाशी. तासाभरानं ती सून इकडे आमच्या अंगणात डोळे पुसत भाकर खात असायची आणि थोरली तिकडे तिच्या सासूच्या डोक्याला तेल लावत असायची. बाळंतपणाला मी निघाले की माझ्या आधी ही दारात. "आपल्याले काय करा लागते, पन कंदील असू द्या संगं, लाइटचा काई भरोसा नाई." तिच्याशी भांडायला मी रोज नवं निमित्त शोधायचे. माझा स्वभावही काही गोड नाही.

पण धाकटीशी न बोलायची तिची रीत म्हणजे बघण्यासारखी. धाकटी दोन हातांच्या अंतरावर उभी असली तरी थोरली माझ्याकडे तोंड करून सांगायची, "नर्सबाई, सांगा त्या बाईले, तिची बकरी माह्या आंबाडीत तोंड घालून राह्यली." मी सांगायच्या आत धाकटीचं उत्तर, तेही माझ्याकडेच बघून, "नर्सबाई, सांगा तिले, बकरीले वाचता येत नाई, कोनाची आंबाडी हाय ते." मी मधे उभी, कोर्टातल्या पट्टेवाल्यासारखी. आणि मी मधे पडले नाही की थोरली भिंतीशीच बोलायची. खरंच सांगते. आपली मातीची भिंत, तिला म्हणायची, "भिताडा, आज कोनाच्या तरी घरी डाळ जळून राह्यली रे!" पलीकडून आवाज यायचा, "भिताडा, ज्यायच्या घरी डाळच नाई, त्यायले वास लय लवकर येते बाप्पा." मग इकडे थोरली तोंडावर पदर घेऊन हसायची. आपण हसतोय हे तिकडे कळू द्यायचं नाही, एवढीच काळजी.

सकाळच्या शांततेचं कोडं मला पहिल्या आठवड्यातच उलगडलं. मी पाच वाजताच जागी झाले होते. बघते तर थोरली चुलीपुढे बसलेली. चूल पेटलेली, पातेलं बाजूला, हात गुडघ्यावर. आणि बाई नुसती बसलीय. मी तोंड उघडणार, तर तिनं बोट ओठावर ठेवलं. जरा वेळानं भिंतीपलीकडून खोकला आला. लांबलचक, छातीतून खरवडून निघणारा. धाकटीला दम्याचा त्रास होता, हे मी तिच्याकडे बघूनच ओळखलं होतं. तो खोकला ऐकला आणि थोरलीनं पातेलं चुलीवर ठेवलं. "खोकलली धाकटी. मांडा चहा," असं आपलं आपल्याशीच म्हणाली. मग मला म्हणाली, "आता वाजवा तुमाले काय वाजवाचं ते."

मी म्हटलं, "मावशी, एवढी काळजी आहे तर बोलत का नाही?"

"काळजी कोनाले हाय? घड्याळ बंद पडलं माहं. टाइम समजते खोकल्यानं. आपल्याले काय करा लागते!"

घड्याळ भिंतीवर टिकटिक करत होतं.

एकदा पौषातल्या थंडीत खोकला आलाच नाही. चुलीतली लाकडं जळून खाली बसली, बाहेर उजाडलं, गाई सुटल्या, तरी पलीकडे शांत. थोरलीचा चेहरा मी तेव्हा पाहिला. तिनं आधी पातेलं खाली पाडलं, मुद्दाम. मग तांब्या आपटला. मग मुसळ उचललं आणि भिंतीवर असे दणके दिले की वरून माती माझ्या डोक्यात पडली. "भिताडा! मेलं का रे कोनी तिकडं?" जरा वेळ काहीच नाही. मी चपला शोधत दाराकडे धावले. तेवढ्यात पलीकडून झोपाळू आवाज आला, "मेलं नाई म्हना! आज जरा डोया लागला तं भिताडाले भोक पाडून राह्यले लोक!" थोरली मटकन खाली बसली. हसली नाही, काही नाही. बऱ्याच वेळानं पातेलं चुलीवर ठेवलं आणि त्या दिवशी चहात साखर घालायची विसरली.

मी धाकटीला गोळ्या द्यायचे, दारव्ह्याच्या डॉक्टरांकडे पाठवायचे. ती जायची नाही. गोळी घेतली का, ते थोरली मला विचारायची. "नाही घेतली" म्हटलं की भिंतीला उद्देशून तासभर शिव्या. तेवढ्यासाठी तरी धाकटी गोळी घ्यायची. माझ्या सगळ्या नोकरीत औषधं पोचवायची इतकी पक्की सोय मला दुसरीकडे कुठं मिळाली नाही.

मग भूसंपादनाची माणसं आली. नोटिसा तर आधीच निघालेल्या होत्या, पण फीत घेऊन माणसं घराघरात शिरली तेव्हा गावाला खरं वाटलं. घरांचं मूल्यांकन, विहिरींचं, झाडांचं. साहेब तरुण होता, बिचारा नीट बोलणारा. लोक चहा पाजायचे आणि त्याच्याकडे असं बघायचे की त्याला तो गिळवत नसे. आमच्या घरात फीत मधल्या भिंतीपाशी येऊन थांबली. "ही भिंत कोणाच्या हिश्शात धरायची, आजी?"

आता बघा, हिश्शात जास्त लिहिलं की मोबदला जास्त, तो कोणाला नको असतो? थोरली म्हणाली, "तिच्यात लिहा. ती बाजू ती पोतारते दर दिवाळीले." पलीकडून धाकटी ओरडली, "साहेब, तिच्यात लिहा! मागच्या पावसात खचली तं माती तिनं भरलती." साहेब कधी या दारात, कधी त्या दारात. "मले नको." "मले तं नकोच." शेवटी त्यानं सामाईक लिहिलं. दोघींनी तोंड वाकडं केलं. साहेब गेल्यावर थोरली त्या भिंतीवरून हात फिरवत मला म्हणाली, "हे तं इथंच राहीन नाई का, पान्यात?" मी म्हटलं, "हो मावशी, भिंती काही उचलून नेता येत नाहीत." ती म्हणाली, "हाव. ते बी खरं."

तिला काय टोचत होतं ते मला तेव्हा कळलं. घर, अंगण, नदीची वाट, हे सगळं जाणार होतंच आणि सगळ्यांचंच जाणार होतं. पण नव्या गावठाणात हा खोकला ऐकू येईल का, एवढा एकच प्रश्न तिला होता. आणि तो कोणाला विचारायचा? विचारला म्हणजे काळजी असल्याचं कबूल करणं आलं.

नव्या गावातले प्लॉट चिठ्ठ्या टाकून वाटले. समाजमंदिरात सगळं गाव जमलेलं. नकाशा भिंतीवर टांगलेला, सरळ रेघांचा, शाळेच्या वहीसारखा. थोरलीला पहिल्या रांगेतला प्लॉट लागला, रस्त्याला लागून, टाकीच्या जवळ. लोक म्हणाले, "बुढीचं नशीब फळलं!" धाकटीला सगळ्यात मागची रांग, नाल्याच्या काठाला. थोरली उठून उभी राहिली. "साहेब, हे जमत नाई."

"अहो आजी, सगळ्यात चांगला प्लॉट आहे तुमचा!"

"चांगला हाय. पन तिथून ऐकू येत नाई."

"काय ऐकू येत नाही?"

सगळं गाव तिच्याकडे बघत होतं. धाकटी बायांच्या घोळक्यात खाली मान घालून बसलेली. थोरलीनं एकदा तिच्याकडे पाहिलं, एकदा साहेबाकडे. "काई नाई. आपल्याले काय करा लागते," म्हणाली आणि बसली. साहेब पुढं म्हणाला, "दोघांची मर्जी असली तर ताबा घ्यायच्या आधी आपसात प्लॉट बदलून घेता येतील." त्या दोन तासांच्या सभेत म्हातारीनं ऐकलं ते एवढंच.

त्यानंतर लगेच माझं लसीकरणाचं ट्रेनिंग निघालं, यवतमाळला. परत आले तर थोरली माझी वाटच बघत होती. मला स्वयंपाकघरात ओढलं आणि कानात म्हणाली, "झालं काम! तिच्या बाजूचा प्लॉट ज्याले लागला होता ना, त्याले माहा रस्त्यावरचा देल्ला. तो तं नाचूनच राह्यला. आता मी नाल्यावर, तिच्या भिताडाले भिताड. तिले सांगू नका." डोळे असे चमकत होते की मला हसू आलं. तेवढ्यात मागच्या दारातून धाकटीनं खूण केली. गेले. ती दम खात, थांबत थांबत सांगते, "नर्सबाई, मी ना, माहा नाल्यावरचा प्लॉट त्या बकऱ्यावाल्याले देल्ला. त्याले नाल्याकाठी चारा पायजे होता. त्याचा थोरलीच्या बाजूचा, रस्त्यावरचा, मी घेतला. त्या बाईले सांगू नका बरं. म्हनंन, मांगं मांगं आली."

मी तिथंच पायरीवर बसले. जगात आणखी कुठल्या दोन माणसांकडून ही चूक झाली असती? एकमेकींना मनातलं विचारायला लाज, म्हणून दोघींनी आपापलं परस्पर उरकलं, आणि पुन्हा गावाच्या दोन टोकांना. फक्त टोकं बदलली. आता थोरली नाल्यावर आणि धाकटी रस्त्यावर.

सांगणं भाग होतं. मी भिंतीपाशी उभी राहून मोठ्यानं, दोघींना ऐकू जाईल असं सांगितलं. मग थोरली म्हणाली, "भिताडा, इतका शहानपना कोनं सांगतला होता तिले?" पलीकडून, "अन् तिले कोनं सांगतला होता?" मी वाट बघत होते की आता जोरात जुंपेल. जुंपली नाही. पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला, आणि इकडे थोरलीनं मफलरानं तोंड पुसलं. मला वाटलं, बोला गं बायांनो, आता तरी बोला! मला त्या वेळी दोघींचा इतका राग आला, की मी दार आपटून उपकेंद्रात जाऊन बसले.

दुरुस्ती करायला मीच गेले दोघींच्या वतीनं. थोरलीचा रस्त्यावरचा प्लॉट घेतलेल्यानं पाया खोदून, नारळ फोडून पूजा केलेली. "नर्सबाई, देवाले नारळ फोडला, आता ती जागा कशी सोडू? तुमीच सांगा." बकऱ्यावाल्यानं नाल्याकाठी गोठा उभा केला होता. बकऱ्या त्यात रवंथ करत बसलेल्या. साहेबाला भेटले. त्यानं मन लावून ऐकलं. आपसात केलेली अदलाबदल कागदावर चढली होती, ताबे दिले गेले होते, कोणी राजी नसेल तर त्याच्या हातात काही नव्हतं. "मॅडम, त्यांनी त्याच दिवशी मला सांगितलं असतं तर शेजारी शेजारी दिले असते हो," तो हळहळून म्हणाला. त्याचंही खरंच होतं. पण भरल्या सभेत ते सांगणारी माणसं ही नव्हती.

गाव उठलं तो महिना मी विसरणार नाही. लोकांनी स्वतःच्या हातांनी स्वतःची घरं उतरवली. छपराची कवेलू, लाकडी फाटे, चौकटी, सगळं ट्रॅक्टरवर. कुणी शेणाचा सडा घातलेलं अंगण मागं वळून वळून बघत होतं. कुणी आपल्याच विहिरीचं पाणी बाटलीत भरून घेत होतं. थोरलीनं जायच्या आदल्या दिवशी मधली भिंत पांढऱ्या मातीनं पोतारली. छप्पर गेलेलं, वर आभाळ, आणि ही बाई बोळा घेऊन भिंत पोतारतेय! लोक हसले. "बुढे, पान्याखाली कोन पाहून राह्यलं?" ती म्हणाली, "आपल्याले काय करा लागते." पलीकडच्या बाजूनंही बोळा फिरल्याचा आवाज येत होता. तो फक्त मीच ऐकला असेल.

नवं गाव म्हणजे रुंद रस्ते, दिव्याचे खांब, सारख्या मापाचे प्लॉट आणि एकही झाड नाही. बायका रात्री उठून परसात जायच्या तर दुसऱ्याच्याच दारात पोचायच्या. कोणाच्या घरी काय शिजतंय ते कळायचं बंद झालं. नव्या गावात अजून उपकेंद्र झालं नव्हतं, म्हणून माझी बदली दारव्ह्याजवळ झाली. निघायच्या आधी मी धाकटीला डॉक्टरांकडून तोंडात ओढायचा पंप आणून दिला, कसा वापरायचा ते पुन्हा पुन्हा करून दाखवलं. "थोरलीला सांगते, लक्ष ठेवायला," म्हटलं. ती म्हणाली, "ती कशी ठेवंन आता? किती दूर."

पुढं कधी कधी मी जायचे. एकदा थोरलीकडे मुक्कामाला राहिले, टिनाच्या खोलीत. पहाटे डोळा उघडला तर तिची जागा रिकामी. दार लोटलेलं. मी शाल घेऊन बाहेर आले, बघते तर बाई मफलर बांधून रस्त्यानं चाललेली. चपला फटक फटक वाजतायत. सगळं गाव ओलांडून ती पहिल्या रांगेत पोचली आणि धाकटीच्या घरासमोरच्या दिव्याच्या खांबाला टेकून उभी राहिली. मी जरा लांबच थांबले. थंडी अशी की दात वाजत होते. आतून खोकला आला. थोरलीनं मान हलवली. "खोकलली. मांडा चहा," असं स्वतःशी म्हणाली आणि वळली, तर समोर मी.

"फिराले आली होती," ती म्हणाली. "डॉक्टरनं सांगतलं हाय, रोज चालत जा."

"कोणत्या डॉक्टरनं?"

"असंन कोनीतरी!"

मी म्हटलं, "मावशी, एवढं चालत येता तर दार वाजवा ना. चहा तिच्याचकडे घ्या."

ती थांबली. माझ्याकडे असं पाहिलं जसं मी अगदीच बावळट आहे. "दार वाजवलं तं बोला लागंन. अन् बोललं तं मंग इतके साल कायले नाई बोललो, ते सांगा लागंन. काय सांगू तिले? मलेच आठवत नाई." आणि फटक फटक चालायला लागली.

मला आजही ते जुनं घर आठवतं. नुसतं आठवत नाही, हवंसं वाटतं. माझ्या आताच्या क्वार्टरला पक्क्या विटांच्या भिंती आहेत, शेजारी कोण राहतं ते मला नीट माहीत नाही. सकाळी कुकरच्या शिट्ट्या, टीव्ही, मोबाइल, सगळं असतं. तरी मी कधी कधी चहाचं भांडं हातात धरून उगाच थांबते. कशाची वाट बघते, मलाच कळत नाही. त्या म्हातारीनं माझी सवय बिघडवून ठेवली.

थोरली गेल्याचं मला उशिरा कळलं. झोपेतच गेली म्हणाले. कसली आजारपणं नाहीत, कोणाला त्रास नाही. मी पुढच्या रविवारी जीप पकडून गेले. नाल्यावरच्या खोलीला कुलूप होतं. मग धाकटीकडे गेले. तिनं मला बसवलं, पाणी दिलं. रडली नाही. मीच रडले. मग पिशवीतून स्टेथोस्कोप काढला. आमच्या धंद्यातल्या माणसाला तेवढं एकच सुचतं. तिच्या पाठीला लावला. पुढून लावला. पुन्हा लावला.

"मावशी, छाती तर स्वच्छ आहे की तुमची! खोकला केव्हापासून नाही?"

"केव्हाचाच गेला तो. तुमच्या पंपानं पह्यल्याच हिवाळ्यात गेला."

"पण मी इथं होते त्या सकाळी तर..."

ती जमिनीकडे बघत राहिली. मग म्हणाली, "ती येऊन उभी राहे ना रोज, खांबापाशी. मले चपलावरून समजे. खोकलली नाई तं हालेच ना तिथून. एखाद्या दिवशी मी उशीर केला तं थंडीत कुडकुडत तशीच उभी. म्हनून खोकलत होती मी. मुद्दाम. खोकलली का 'मांडा चहा' म्हने अन् चपला परत जात. मंग मी निजत होती उलशीक, घडीभर."

मी स्टेथोस्कोप गुंडाळून पिशवीत ठेवला. बाहेर रस्त्यावरून कोणाची तरी मोटारसायकल गेली.

"त्या दिवशी," धाकटी म्हणाली, "चपला वाजल्याच नाई. मले वाटलं, माह्याच ध्यानात नाई आलं, आली असंन. मी खोकलली. चपला गेल्या नाई. अजून खोकलली. घसा दुखेपर्यंत खोकलली, नर्सबाई. म्हटलं, आज बहिरी झाली का ही? मंग उठली, दार उघडलं. खांबापाशी कोनी नव्हतं. तवा समजलं मले. तशीच त्या मोकळ्या रस्त्यावर उभी राह्यली अन् नाल्याकडं तोंड करून जोरात हाक मारली तिले. इतक्या सालात पह्यल्यांदा."

"काय म्हणालात?"

"म्हटलं, बाई, मी हाय वं. मांडा चहा."